यानाचं पांघरूण शिवणारीची निरवानिरव

मी, खाली सही करणारी, वय एकाहत्तर, पूर्वीचा व्यवसाय अवकाशकेंद्राच्या शिवणविभागात टेबलप्रमुख, सध्याचा व्यवसाय गुडघे चोळत बसणे, असं लिहून देते की माझं डोकं ठिकाणावर आहे. डॉक्टरीणबाईंचा तसा दाखला सोबत जोडला आहे. माझ्यावर कुणाची जबरदस्ती नाही. लेक एवढंच म्हणाली की आई, लिहायचंच तर खरं लिही. याआधी मी दोनदा असे कागद करून ठेवले होते, ते रद्द समजावेत. त्यात एक गोष्ट लिहिलेली नव्हती.

१. राहतं घर. दुसऱ्या मजल्यावरच्या दोन खोल्या आणि स्वयंपाकघर, माझ्या एकटीच्या नावावर. पुढची खोली लेकीला. मागची खोली, जिथे सकाळचं ऊन येतं, ती माझ्या धाकट्या बहिणीला. केंद्रात नोकरीला लागली तेव्हापासून ती तिथेच राहायची. बावीस वर्षं ती या घराची पायरी चढलेली नाही, म्हणून तिचा हक्क गेला असं कुणी म्हणू नये. स्वयंपाकघर दोघींचं सामाईक. मावशी-भाचीने भांडू नये. भांडायचंच झालं तर आधी जेवून घ्यावं.

२. शिवणयंत्र, पायाचं, चालू स्थितीत. हे लेकीला देऊन उपयोग नाही. ती शाळेत भूगोल शिकवते, सगळ्या पृथ्वीचे नकाशे तिला तोंडपाठ, पण तुटलेलं बटण लावून घ्यायला माझ्याकडे येते. यंत्र वस्तीतल्या शाळेला द्यावं. अट एकच, मुलांनीही शिकावं, नुसत्या मुलींनी नाही.

शाळेलाच का, तेही सांगते. केंद्र इथे आलं तेव्हा आम्ही शाळेचे गणवेश शिवून पोट भरणाऱ्या बायका होतो. यान उन्हात भाजू नये आणि सावलीत गोठू नये म्हणून त्याला पातळ चंदेरी कागदाच्या वीस पदरांचं पांघरूण लागतं. मोठमोठ्या पदव्यांचे लोक होते, पण कोपऱ्यावर ते वीस पदर वळवायचे कसे, तिथे त्यांचं घोडं अडलं. मग कुणाला तरी आमची आठवण झाली. ज्या बायकांना दुकानदार 'ए शिवणवाली' म्हणून हाक मारायचे, त्यांना 'बाई, यान कुठवर आलं?' असं विचारायला लागले. शेजारच्या म्हाताऱ्या आजी मात्र शेवटपर्यंत म्हणायच्या की नळाला पाणी नाही आणि हे निघाले आभाळाला हात लावायला. पुढे एकदा वादळाची खबर तीन दिवस आधी वर फिरणाऱ्या यानाकडून मिळाली आणि किनाऱ्यावरच्या सगळ्या होड्या परत आल्या. आजींचा मुलगा त्यातल्याच एका होडीवर होता. त्यानंतरही पाण्याबद्दल त्या बोलायच्याच, आणि पाण्याचं त्यांचं खरंच होतं.

३. चंदेरी कातरणांचा डबा. हा वस्तीतल्या पोरांना वाटून टाकावा. त्यांचे चंद्र, चांदण्या काय व्हायचं ते होऊ दे.

४. उणीदुणी. केंद्राच्या ज्या साहेबांनी फोटोच्या वेळी 'जरा बाजूला व्हा' म्हणून आम्हा अकरा जणींना चौकटीबाहेर काढलं, त्यांना मी माफ केलं आहे. ते आता स्वतःच कुणाच्या लक्षात नाहीत. कोपऱ्यावरच्या शिंप्याने 'यानाचे कपडे शिवणारे' अशी पाटी लावली आहे, त्याला माफी नाही. त्याने आयुष्यात पायजम्यापलीकडे काही शिवलेलं नाही. तरी मला शेवटचं नेसवायचं पातळ त्याच्याकडूनच काठ दुमडून आणावं, कारण तो जवळ पडतो.

५. सुई. खरं तर या कलमासाठीच हा सगळा खटाटोप केला आहे.

आमच्या खोलीत रीत अशी होती की सकाळी प्रत्येकीला पेटीत सहा सुया मोजून मिळायच्या आणि संध्याकाळी सहा मोजून परत द्यायच्या. सुई मोडली तर दोन्ही तुकडे दाखवायचे. तुकडा सापडला नाही तर तो पांघरुणात अडकला असं धरून सगळं काम उसवायचं, कारण एकदा यान वर गेलं की दुरुस्तीला कोण जाणार? रीत बरोबर होती. नव्या बायकांना ती मीच शिकवत असे.

दूरच्या ग्रहाकडे जाणाऱ्या आमच्या पहिल्या यानाला पाच आठवडे राहिले असताना माझ्या सुईचं टोक मोडलं आणि दिसेना. दुसऱ्या दिवशी मला सगळ्यांसमोर शेवटची शिवण घालायची होती. टेबलप्रमुखाचा तो मान असे, आणि टोक हरवलं म्हटलं की तो जाणार होता. मला वाटलं, इथेच कुठे तरी पडलं असेल, मोजणीआधी झाडताना सापडेल, मग सांगून टाकू. जेवणाच्या सुट्टीत मी मोडकी सुई शेजारच्या पेटीत ठेवली आणि तिथली धड सुई उचलली. शेजारची पेटी धाकटीची होती. परक्या बाईच्या पेटीत हात घालायची माझी हिंमत झाली नसती. बहिणीच्या पेटीत झाली.

संध्याकाळी मोजणी झाली. धाकटी सांगत होती की तिची सुई मोडलीच नाही. कुणी ऐकेना. तेव्हा ती माझ्याकडे वळून म्हणाली, "ताई, तू तरी सांग ना यांना."

मी म्हटलं, "मी माझ्या कामात होते." ते शब्द मला अजून रोज ऐकू येतात.

सगळं पांघरूण उसवलं. टोक मिळालं नाही. नवं शिवेपर्यंत तारीख हुकली, आणि त्या ग्रहाची नि आपली गाठ सव्वादोन वर्षांतून एकदाच जमते. यान तोवर शेडमध्ये पडून राहिलं. वस्तीने दारादारांवर लावलेल्या माळा उतरवल्या. धाकटीला कामावरून काढलं, ते एक वेळ कायद्याने झालं. पण वस्तीने केलं ते फार वाईट होतं. पाववाला तिला मुद्दाम सगळ्यांच्या शेवटी पाव द्यायचा. पोरं तिला बघून दहापासून उलटे आकडे मोजायची आणि एकावर येऊन थांबायची. आभाळामुळे आम्हाला मान मिळाला होता. तो गेला असं वाटल्यावर माणसं एका बाईवर तुटून पडली, आणि ती बाई माझी बहीण होती. आठव्या दिवशी ती एक पिशवी घेऊन गेली. मी खिडकीतून बघत राहिले.

टोक मला तीन महिन्यांनी सापडलं, टेबलाच्या कडेच्या पट्टीत रुतलेलं. म्हणजे पांघरुणात काही नव्हतंच. पुढे यान गेलं, पोचलं, पहिलं चित्र आलं, लोक नाचत रस्त्यावर उतरले, माझ्या हाताला हात लावून गेले. त्या दिवशी तरी सांगायला हवं होतं. आज नको, उद्या, असं करता करता माझे केस पांढरे झाले. मी भित्री आहे. याला दुसरा शब्द नाही.

तरी जाहीर करते की मोडकी सुई माझी होती. अदलाबदल मी केली. धाकटीचा काडीचाही दोष नव्हता. आमच्या खोलीत तिच्याइतका सरळ टाका कुणाचाच नव्हता, माझाही नाही. माझ्या पश्चात या कलमाची एक प्रत केंद्राच्या शिवणविभागात आणि एक वस्तीच्या वाचनालयाच्या फळ्यावर लावावी.

पुरवणी, आजचीच. वरचं सगळं लिहून झालं होतं. सह्यांसाठी वकीलसाहेब, डॉक्टरीणबाई आणि लेक स्वयंपाकघरात जमले. दुसरे साक्षीदार म्हणून खालच्या मजल्यावर राहणारे बसचालक यायचे होते, त्यांना उशीर झाला. दार वाजलं, मला वाटलं तेच आले. लेकीने मला न विचारता मावशीला बोलावलं होतं. धाकटी आत आली. तिचेही केस पांढरे झाले आहेत, हे मला कसं कोण जाणे सुचलंच नव्हतं.

वकीलसाहेबांनी सगळं वाचून दाखवलं. तिने मान खाली घालून ऐकलं. मला वाटलं उठून जाईल. तिने विचारलं, दुसरी सही कुणाची? मग म्हणाली, मी करते. वकीलसाहेबांनी समजावलं की बाई, जो साक्षीदार असतो त्याला या कागदातून काही मिळत नाही, तुमची खोली जाईल. मीही म्हटलं, अगं थांब, बसचालक येतीलच इतक्यात.

"खोली नको मला," ती म्हणाली. "त्या दिवशी माझ्या बाजूने कुणी साक्ष दिली नाही. आज माझी मीच देते."

मग पाचव्या कलमावर बोट ठेवून म्हणाली, "आणि हे 'माझ्या पश्चात' काय? तू गेल्यावर माझं नाव धुऊन निघालं, तर मी भांडू कुणाशी?"

मी रडले. ती नाही रडली. तिने माझ्या पाठीवर हात ठेवला आणि म्हणाली, पुरे आता, शाई पसरेल.

सबब पाचव्या कलमातले 'माझ्या पश्चात' हे दोन शब्द मी स्वतःच्या हाताने खोडले आहेत. दोन्ही प्रती लेक आजच दुपारी लावून येईल. मागची खोलीही कागदावर लेकीकडे जाईल. धाकटीची पिशवी सध्या त्या खोलीत ठेवली आहे, किती दिवस ते ती सांगत नाही, मीही विचारलेलं नाही.

हे सर्व मी वाचून, समजून आणि लाजून लिहून दिलं आहे.

ठिकाण: माझ्या स्वयंपाकघरातलं टेबल
दिनांक: शिक्क्यात आहे तोच, वार बुधवार, सकाळचे साडेअकरा

लिहून देणार: (सही) थोरली बहीण

साक्षीदार पहिल्या: (सही) वस्तीच्या डॉक्टरीणबाई
व्यवसाय: वैद्यकी

साक्षीदार दुसरी: (सही) धाकटी बहीण
व्यवसाय: यानाची पांघरुणं शिवणे