चंद्रीने खाल्लेला पाव

१२ डिसेंबर १९३९, मंगळवार

मागच्या नाताळाला याच वहीत मी लिहिले आहे — ‘जिवनबाईंनी मेव्याचा पाव पाठवला. सर्वांनी खाल्ला. फार गोड होता.’ हे खोटे आहे. कोणीही खाल्ला नाही. मायने तो घमेल्यात कुस्करला आणि चंद्रीपुढे ठेवला. चंद्री म्हणजे आमची म्हैस. गोड होता की नाही ते तिला ठाऊक!

ती ओळ खोडत नाही. खोडली तर मी खोटे लिहिले होते हेही पुसले जाईल. इथे तारीख घालून दुरुस्त करते.

आणखी एक. दुसऱ्या दिवशी जिवनबाईंनी मला वाटेत थांबवून विचारले होते, “मनुका लागल्या का गं दाताखाली?” मी म्हटले, “व्हय, लई.” आमच्या घरात अक्षर ओळखणारी मी पहिली. आणि त्या अक्षरांचा उपयोग काय केला, तर जे तोंडाने खोटे बोलले तेच वहीत उतरवून ठेवले.

आज हे सगळे वर आले त्याला कारण आहे. जिवनबाई इथे कळमनुरीच्या सरकारी दवाखान्यात नर्स आहेत, सहा वर्षे झाली. जालन्याकडच्या ख्रिस्ती. एकट्याच राहतात. परवा एका बाळंतिणीकडे जाताना बैलगाडीतून पडल्या. उजवा हात फळीला बांधून गळ्यात अडकवला आहे. मी बघायला गेले. मायने नेहमीप्रमाणे पाण्याचा तांब्या बरोबर दिलाच — तहान लागली तर तिथे मागावे लागू नये म्हणून. जिवनबाई म्हणाल्या, “यंदा पाव नाही बाई. एका हातानं पीठ कोण मळणार?”

आणि माझ्या तोंडून निघून गेले — “मी करते!”

घरी येईपर्यंत पाय जमिनीला लागत नव्हते. घरी आल्यावर मात्र दारातच थबकले. मायला कसे सांगू?

१३ डिसेंबर, बुधवार

सांगितले!

माय लसूण सोलत होती. मान वर न करता म्हणाली, “तिच्या हातानं माझा नातू जगात आला, ते मी नाकारून नाही राहिले. पण खाण्याचं येगळं असतं, मने. तिची माणसं आधी कोण व्हती, कुणाला ठाव?”

मी म्हटले, “पण माय, चूल आपली, पीठ आपलं, हात माझे. तिचं फकस्त सांगणं.”

तिने सोललेल्या पाकळ्या वाटीत टाकल्या. मग विचारले, “भिजवायचं कशात?”

“ती म्हणते, मेवा कोऱ्या चहात भिजव.”

“चहा न्हाई. चहा म्हंजी पाणीच. दुधात भिजव, दशमीवाणी. दुधाला बाट न्हाई.”

मला नाचावेसे वाटले! दशमी मला कशी सुचली नाही? पाण्यात पीठ मळलेली भाकरी घराबाहेर चालत नाही, पण पीठ दुधात मळले की तीच दशमी होते, आणि मग गाडीत खा, कुणाच्या ओट्यावर बसून खा, कुणी नाव ठेवत नाही. आणि दूध चंद्रीचे! जिवनबाईंचा पाव तिने खाल्ला, आता त्याची परतफेड तीच करणार!

जिवनबाईंनी सांगितले ते लिहून ठेवते. गव्हाचे पीठ फडक्यातून गाळलेले. गूळ, तूप, दूध. खारीक बारीक चिरून, मनुका देठ काढून, रात्रभर भिजवून. सोडा एक सपाट चमचा. मोठ्या पातेल्यात वाळू तापवायची, तीत डबा बसवायचा, झाकणावर निखारे. “आणि झाकण उघडायचं नाही. काही झालं तरी नाही. तुझा स्वभाव मला ठाऊक आहे.”

१५ डिसेंबर, शुक्रवार

रतनसिंगाच्या दुकानात खारीक मिळाली, मनुका मिळाल्या, सोडा संपलेला. घरात पापडखार आहे. दोन्ही पांढरे.

१६ डिसेंबर, शनिवार

काय दिवस होता! क्रमाने लिहिते, नाहीतर एकात एक मिसळेल.

पहाटे गहू मीच दळले. पीठ जरा पिवळसर वाटले. गहूच तसा असेल म्हणून सोडून दिले. पापडखार किती घालावा कळेना. कमी पडला तर फुगणार नाही या भीतीने चमचा शिगोशीग भरला. मग अजून थोडा. डबा वाळूत ठेवला, वर निखारे. झाकण तीनदा उघडले. (जिवनबाईंना दोनदा असे सांगायचे मनात आले होते. तीनदा.)

तासाभराने डबा उलटा केला, सुरी घातली — आणि आत लाल! नुसता तांबूस नव्हे, चक्क लाल ठिपके, मध्ये मोठा पट्टा.

वहिनी कडेवर लेकरू घेऊन बघायला आली होती, ती ओरडलीच, “अगं बया! रगत हाय का काय? त्या बाईनं काय घालायला सांगितलं तुला?”

शेजारची दोन माणसे कुडावरून डोकावली. मला वाटले, आता हे गावभर होणार. जिवनबाईंनी पावात काहीबाही घालायला लावले म्हणून! आणि चूक माझी. कुठे झाली तेच कळेना.

माय गोठ्यातून आली. तुकडा हातात घेतला. वास घेतला. बोटाने चोळला. मग माझ्याकडे बघून विचारले, “पीठ कुठल्या जात्यावर दळलं?”

“मोठ्या.”

“मागल्या आठवड्यात त्याच्यावर मी काय दळलं व्हतं?”

हळद!

“हळदीमागं पसाभर ज्वारी दळून जातं पुसावं लागतं, हे तुझ्या शाळेत शिकवत न्हाईत व्हय? आन् खार किती टाकला? हळदीला खार लागला की कुंकू होतं. कुंकू काय आभाळातून पडतं?” आणि ती हसायला लागली. माय अशी हसलेली मी किती दिवसांत पाहिली नव्हती! पदर तोंडाला लावून, भिंतीला टेकून. “पोरीनं कुंकवाचा पाव केला गं!” असे तिने कुडावरच्या माणसांनाही ओरडून सांगितले.

मी घमेले आणायला उठले. चंद्रीसाठी. माय म्हणाली, “बस खाली. हळदीकुंकवाची वस्तू म्हशीला घालतात का?”

आणि तिने तुकडा मोडून तोंडात टाकला. मग वहिनीला दिला, मग मला.

चव? खरे लिहायचे ठरवले आहे. खारट. बुडाशी करपलेला. मध्ये जरा बसलेला, तो माझ्या तीनदा उघडण्याने. पण मनुका दुधाने टपोऱ्या झाल्या होत्या आणि खारीक गुळात मुरली होती. ती चव मी जन्मात विसरणार नाही. बाबा शेतातून आले, त्यांनी दोन तुकडे खाल्ले आणि विचारले, “अजून हाय का?”

१७ डिसेंबर, रविवार

सकाळी उठल्यावर आनंद थोडा उतरला. मायने खाल्ला तो आमचा पाव होता. आमचे दूध, आमचे जाते. मी भीत भीत विचारले, “माय, हाच पाव जिवनबाईनं दिला असता तर?”

“काहून नसते फाटे फोडून राहिली?” एवढेच म्हणाली. आणि विनाकारण मागच्या दारी गेली.

१९ डिसेंबर, मंगळवार

लाल तुकडा घेऊन दवाखान्यात गेले. आज सगळे सांगायचेच असे ठरवून. म्हशीचेसुद्धा.

जिवनबाईंनी तुकडा उजेडात धरला, गोष्ट ऐकली आणि इतक्या हसल्या की बांधलेला हात दुखला. “पापडखार! अगं, मी पाव सांगितला, तू पापड केलास!” मग कपाटातून सोड्याची पुडी काढून दिली. “चमचा सपाट. कळलं? बोटानं वरचं काढून टाकायचं. झाकण किती वेळा उघडलंस?”

“तीनदा.”

“खरं बोलतेस, म्हणून तू मला आवडतेस.”

हे ऐकल्यावर मी काय सांगणार? तांब्या उचलला आणि घरी आले. वाटेत सगळे पाणी ओतून दिले, तहान असून.

२१ डिसेंबर, गुरुवार

झाला! झाला! झाला!

कालच पसाभर ज्वारी दळून जाते पुसले, मग गहू. सोडा सपाट. झाकण एकदाही उघडले नाही — दोन्ही हात मांडीखाली घालून बसले. वास आधी गुळाचा, मग तुपाचा, मग एक निराळाच, ज्याला माझ्याजवळ शब्द नाही. वहिनी म्हणाली, “मने, दम तर घे.” मी खरेच श्वास धरून होते.

डबा उलटा केला तर पाव आपोआप सुटून आला. वरून तपकिरी, मध्ये एक भेग. आतून मऊ, आणि मनुका तळाशी न बसता सगळीकडे विखुरलेल्या. माय म्हणाली, “आपल्या घरात असं काही झालंच नव्हतं कधी.” मी दारातून चुलीपर्यंत आणि चुलीपासून दारापर्यंत किती फेऱ्या मारल्या, मोजल्या नाहीत.

२२ डिसेंबर, शुक्रवार

पाव फडक्यात बांधून जिवनबाईंच्या घरी नेऊन दिला आणि त्यांनी गाठ सोडायच्या आत बोलून टाकले. मागच्या वर्षीचा कोणी खाल्ला नाही. त्याआधीचेही नाही. चंद्रीने खाल्ले. मनुका दाताखाली लागल्या हे मी खोटे बोलले. सगळे एका दमात. मान खाली.

त्या म्हणाल्या, “मला ठाऊक आहे.”

मी वर बघितले.

“दर नाताळाला मी तुमच्या कुडाजवळून गेले की तुमची म्हैस हंबरते. कळमनुरीत दुसरी कुठलीच म्हैस मला बघून हंबरत नाही. दुसऱ्या वर्षापासून मी गूळ जरा जास्त घालते. गाभण होती ना तेव्हा.”

मला हसू आले आणि रडूही आले, दोन्ही एकदम. त्याही हसत होत्या. मग डाव्या हाताने गाठ सोडता सोडता, माझ्याकडे न बघता म्हणाल्या, “पावाचं काही नाही गं. पण सहा वर्षांत या घरात कुणी मला पाणी नाही मागितलं. भर उन्हात येतात, आपापला तांब्या घेऊन येतात.”

माझा तांब्या माझ्या पायाशीच होता.

२३ डिसेंबर, शनिवार

आज काहीच गोड लागले नाही. पाव दुधातला म्हणून सगळ्यांना चालला, त्यात मी काय मोठे केले? वळसा घातला, इतकेच. पाण्याला वळसा नाही.

पण मायला सांगितल्याशिवाय मी तिथे पाणी मागणार नाही. लपवून केले तर पुढच्या वर्षी पुन्हा तारीख घालून दुरुस्ती लिहावी लागेल.

२४ डिसेंबर, रविवार

सांगितले. माय रागावेल म्हणून मी दाराजवळ उभी राहिले होते. तिने हातातले सूप खाली ठेवले. हळू म्हणाली, “तुझ्या सोनाजीदादाच्या लेकराच्या वक्ताला दोन दिस तुझी वहिनी अडली, तवा मला भोवळ आली व्हती. जिवनबाईनंच पाणी पाजलं, तिच्या गडव्यातलं. मी पिले. आजपोत्तर कुणाला सांगितलं न्हाई, तुझ्या बापालाबी न्हाई.”

मग कोनाड्यातला माझा तांब्या उचलून तिने पालथा घातला.

उद्या, २५ डिसेंबर, सोमवार. सकाळी दहाला, पुढच्या दाराने, रिकाम्या हाताने. जिवनबाईंच्या ओट्यावर जाऊन बसेन आणि पाणी मागेन.