देवदारावरचं सफरचंद

निक्शिच, ३ सप्टेंबर

ती. वुकोतादादास धाकट्या स्तानाचा सा. न.

पाय अजून प्लास्टरात आहे, म्हणून तुझ्या लेकीच्या, याग्लिकाच्या लग्नाला मी येत नाही. माझ्या वाटणीचं कोकरू तूच खा, तसंही तू खाणारच होतास.

एक मात्र ऐक. जावई ब्लाझो सोन्यासारखा मुलगा आहे, पण बंदुकीला हात लावत नाही. तो सात वर्षांचा असताना एका वरातीत हवेत झाडलेली गोळी लागून त्याची आई गेली. तो हे कुणाला सांगत नाही, याग्लिकानं रडत रडत मला सांगितलं. तेव्हा या लग्नात नवऱ्याच्या नेमबाजीसाठी झाडाला सफरचंद बांधू नकोस.

वहिनीला नमस्कार. रागावलास तरी पत्र लिही.

तुझी स्ताना

गोर्न्ये पोल्ये, ९ सप्टेंबर

चि. स्तानास अ. आ.

पोराच्या आईचं वाचून वाईट वाटलं. पण नवऱ्यानं गोळीनं सफरचंद पाडल्याशिवाय आपल्या घरातून एकही मुलगी गेलेली नाही. तुझ्या नवऱ्यानं अकरा गोळ्या वाया घालवल्या, तरी आपण थांबलोच ना? दारामागच्या खुंटीवर कोट आणि बंदूक शेजारी शेजारी असतात, त्यात भिण्यासारखं काय? सफरचंद बांधणार, आणि तेही सर्वांत उंच देवदाराला.

पायाला जप. लोभ आहेच, फक्त ऐकणार नाही.

वुकोता

गोर्न्ये पोल्ये, २२ सप्टेंबर

चि. स्तानास अ. आ.

लग्न झालं. मी ब्लाझोच्या हातात बंदूक दिली. त्यानं ती अदबीनं परत दिली आणि म्हणाला, ही नको, सफरचंद मात्र आणतो. बूट काढून तो झाडावर चढू लागला. खाली चाळीस बंदूकवाले खो खो हसत होते. कुणी म्हणालं, वरच घरटं कर. अर्ध्यावर फांदी मोडली, पोरगा एका हातावर लोंबकळला, आणि हसणं थांबलं. मी सगळ्यांना बंदुका खाली ठेवायला लावल्या. का, ते सांगितलं नाही.

त्यानं सफरचंद माझ्या हातात ठेवलं तेव्हा त्याचे तळवे सोलून निघाले होते. आमच्यात नेमबाज खूप, पण अशी छाती मी पाहिली नाही. याग्लिकाला बाहेर आणायला दार मीच उघडलं. वरात निघाली, एकही बार झाला नाही. गाणी पार वळणापर्यंत ऐकू आली.

त्याच्या कोटाची बाही फाटली, म्हणून तुझ्या वहिनीनं तो शिवायला ठेवून घेतलाय. खुंटीवर जागा नव्हती, तेव्हा बंदूक काढून पेटीत टाकली. कोट न्यायला तो येईल, त्यानंतरही ती खुंटी त्याच्यासाठीच ठेवीन म्हणतो.

या हट्टी म्हाताऱ्यावर माया असू दे.

वुकोता