व्यत्ययाच्या वेळचा निवेदक

३ जानेवारी
शाळेत राजीनामा दिला. भूगोल कोणीही शिकवेल. शहरात टीव्ही मात्र नुकताच सुरू झालाय, आणि निवेदक म्हणून निवड माझी. हेडमास्तर म्हणाले, राजीनामा कशाला, सहा महिन्यांची रजा घ्या. बिचाऱ्यांना माणूस सोडवत नाही.

१९ जानेवारी
काम जबाबदारीचं आहे. कार्यक्रम मध्येच बंद पडला की पडद्यावर येऊन प्रेक्षकांना धीर द्यायचा. निर्माते म्हणाले होते, दोन वाक्यं पुरेत. मी पाच मिनिटं बोललो. कॅमेरामन समोरून गळ्यावर सुरी फिरवल्यासारखं करत होता. गमत्या आहे.

२ फेब्रुवारी
प्रक्षेपणाचं मशीन सहा वेळा बंद पडलं. सोन्याचा दिवस!
बायको सांगते, शेजारचे आपल्याकडे टीव्ही बघायला येतात आणि मी दिसलो की उठून गॅलरीत जातात. माणसं भारावून जातात, त्याला काय करणार.
उद्यापासून आरशासमोर डाव्या भुवईचा सराव.

११ मार्च
भुवई राहिलीच. आरसा फार उंचावर आहे.
भाजी घेताना एका बाईंनी ओळखलं. म्हणाल्या, तुम्ही दिसलात की पोटात गोळा येतो. अशी दाद शाळेत तीस वर्षांत मिळाली नसती.

२० एप्रिल
निर्माते म्हणाले, जरा विश्रांती घ्या. माझ्या जागी तात्पुरती माशांची काचेची टाकी दाखवणार आहेत. मासे लाल, टीव्ही काळा-पांढरा! आठवड्यात लोक मोर्चा आणतील.

२८ एप्रिल
मोर्चा नाही. पत्रं आली, एकशे बारा. सगळी माशांना. एका आजींना डावीकडच्याची तब्येत नाजूक वाटते.
माझ्याबद्दलही एक आहे : ‘ते गृहस्थ गेल्यापासून घरात शांतता आहे.’ अक्षर बाकी सुरेख.

४ मे
शाळेवरून सहज जात होतो. सहजच हेडमास्तरांना भेटलो. भूगोलाला नवीन बाई आल्यात. मुलं खूश आहेत, म्हणाले. चहा दिला. रजेचा विषय मी काढला नाही, त्यांनीही नाही.

९ मे
निर्मात्यांनी बोलावून जागा देऊ केली. टाकीतलं पाणी बदलायचं, माशांना खायला घालायचं. मी म्हटलं, विचार करून कळवतो.
घरी सांगितलं. बायको म्हणाली, “अहो, घ्या ती नोकरी. मासे तरी तुमचं ऐकून घेतील.”
संध्याकाळी पहिल्यांदाच घरी बसून टीव्ही पाहिला. कार्यक्रम बंद पडला. मासे आले. बायको गालावर हात टेकवून बघत राहिली. मीही.
छान पोहतात. बोलत नाहीत.