मुलगा दिग्दर्शक आहे, पण उजेडाचा

मुलुंड (पूर्व),
रविवार, जेवणं उरकल्यावर

तीर्थस्वरूप धाकूदादा यांस श्यामकांतचा साष्टांग नमस्कार. इकडे आम्ही तिघंही बरे आहोत. तुमचा गुडघा कसा आहे? (डावाच ना? वहिनी फोनवर उजवा म्हणाल्या, पण गेल्या मे महिन्यात जिना उतरताना तुम्ही डावा धरला होता, मी नीट पाहिलंय. तेल चुकीच्या गुडघ्याला लागत नाही ना, एवढं बघा.) बोरिवलीच्या देवेशच्या स्थळाची चौकशी करून लेखी कळव, फोनवर माणूस काहीही बोलतो, असं तुम्ही बजावलंत, म्हणून हे पत्र. आपल्या चेतनाच्या, माझ्या पुतणीच्या, आयुष्याचा प्रश्न आहे. गुण त्याच्या आईने, शकुताईंनी, तुम्हाला कळवले असतीलच. तेव्हा मी मुख्यतः दोषांवर भर देणार आहे.

आधी धंदा. 'लाइटिंग डायरेक्टर' वाचून तुम्ही विचारलंत, हा वायरमन आहे की सिनेमावाला? दोन्ही नाही. वहिनी रोज संध्याकाळी जी मालिका बघतात, जिच्यात सासू सहा वर्षं एकाच स्वयंपाकघरात कट रचतेय, त्या स्वयंपाकघरात सकाळ कधी व्हायची आणि दिवेलागण कधी, हे हा मुलगा ठरवतो. ते घर म्हणजे अंधेरीतलं एक गोदाम आहे, दादा. वर पत्रा, चारी बाजूंना काळे पडदे, उन्हाची तिरीपसुद्धा आत येत नाही. बाहेर मे महिन्यात डांबर वितळत असतं आणि आत हा कार्तिकातली कोवळी सकाळ पाडतो. मी इतकी वर्षं मंडपांची रोषणाई करतोय, एकही पुस्तक न वाचता, नुसते शॉक खाऊन शिकलोय, आणि नवघर रोडला अजून कोणी माझ्या माळेतला एक बल्ब गेलेला दाखवू शकलेलं नाही. उजेड मला कळतो असा माझा समज होता. तो समज त्या गोदामात गेला.

गेलो होतो न सांगता. चौकशी सांगून केली तर माणूस अंगात इस्त्रीचा शर्ट आणि तोंडात साखर घालून बसतो. बरोबर आमची लेक होती, तेजल. (तिला बँकेला सुट्टी होती आणि पवईवरून रिक्षा कुठे वळवायची ते तिच्या मोबाइलला कळतं.) आत हॉस्पिटलची खोली उभी होती, नवरा बेशुद्ध, बायको उशाशी, आणि खिडकीतून पहाटेचं असं काही ऊन येत होतं की मला चहाची आठवण झाली. मी खिडकीच्या मागे जाऊन पाहिलं. तिथे एक दांडगा दिवा, आणि त्याच्या तोंडावर नारिंगी प्लॅस्टिकचा कागद चिमट्यांनी लावलेला! तापलेल्या दिव्यावर प्लॅस्टिक! आमच्या मंडपात असं कोणी केलं तर मी त्याला पुढच्या गणपतीपर्यंत उभा करत नाही. जबाबदार नागरिक जे करतो ते केलं. रुमाल गुंडाळून चारही चिमटे काढले, कागदाची घडी घातली आणि खिशात ठेवला.

आत बायकोचं पुढचं वाक्य सुरू झालं होतं.

"कट! देवेश, सकाळची दुपार कोणी केली रे?" मालिकेचा दिग्दर्शक ओरडला. (हा वेगळा. हा माणसांचा दिग्दर्शक, आपला उजेडाचा.) सगळं युनिट खिडकीकडे बघायला लागलं आणि खिडकीत मी. तेजलने कपाळाला हात लावला. तेवढ्यात एक काटकुळा, दाढी राखलेला मुलगा शांतपणे माझ्याकडे आला, माझ्या खिशातून डोकावणारा कागद बघितला आणि हळूच म्हणाला, "काका, तो माझा सूर्य आहे." मग मागे वळून मोठ्याने म्हणाला, "ऊन वर आलंय सर! रात्रभर जागलीय ना ही बाई? आता नवऱ्याच्या डोळ्यांवर ऊन येतंय. तिला उठून पडदा ओढू द्या. सगळं बोलून दाखवायलाच पाहिजे का?"

दिग्दर्शक म्हणाला, "झकास!" बाईने पडदा ओढला, नवऱ्याच्या तोंडावरचं ऊन हळूहळू उतरलं, आणि तुम्हाला सांगतो दादा, जो नट बेशुद्ध होता त्याच्यासाठी मी मनातल्या मनात गणपतीला नारळ बोललो. (तो नंतर बाहेर वडापाव खाताना दिसला, तरी नारळ कायम.) आठवडाभर रडणाऱ्या त्या बाईने पहिल्यांदा संसारातलं काहीतरी काम केलं होतं.

आता दोष लिहितो. मुलगा परखड आहे. शॉट झाल्यावर तेजलने ओळख करून दिली, तर मला म्हणाला, "मंडपवाले ना तुम्ही? तरीच. तो कागद तापायचाच असतो, त्यासाठीच बनवतात. पुढच्या वेळी आधी विचारा, नाहीतर रात्र कराल." आणि माझ्या हातात थर्माकोलचा पांढरा तक्ता दिला. "धरा, आणि हलू नका." दिव्याचा उजेड त्या पांढऱ्यावर आपटून बाईच्या गालावर मऊ पडतो. पाहुण्याला कामाला लावणं हा दोषच म्हणायचा. पण मी असा धरला की शेवटी तोच म्हणाला, "काका, स्टँड ठेवतो तो हलतो, तुम्ही नाही हललात." खांदे भरून आले होते, हे मी बोललो नाही. (तेजलला नंतर दोनदा अंधेरीला जावं लागलं. एकदा माझा तिथे राहिलेला चष्मा आणायला, आणि एकदा चष्म्याचं घर.)

शिक्षण अर्धवट आहे, हेही लपवत नाही. वडील राजाराम कापडाच्या गिरणीत होते, ती बंद पडल्यावर घाटकोपरला पिठाच्या चक्कीवर उभे राहिले. हा कॉलेज सोडून स्टुडिओत वायरी ओढायला लागला. शिकवणारं कोणी नव्हतं. जुने लोक दिवा कुठे ठेवला ते सांगायचे नाहीत, मग हा नटांची नाकं बघायचा. नाकाची सावली ज्या बाजूला पडते, तिच्या उलट्या बाजूला दिवा. असं नाकानाकाने शिकत आज हाताखाली पंधराएक माणसं आहेत. मी हे ऐकलं आणि मला माझे शॉक आठवले. कोणी शिकवलं नाही म्हणून ज्याचं अडलं नाही, अशा माणसाशी मी जास्त वेळ कडक राहू शकत नाही, हा माझा दोष.

मग कळलं की सुट्टीच्या दिवशी भल्या सकाळी तो एकटाच पवईच्या तलावावर जातो. म्हटलं, सापडला! तलावावर एकटं कोण जातं? नक्की कोणीतरी येत असणार. पुढच्या सुट्टीला आम्ही त्याच्या आधी जाऊन झाडामागे उभे राहिलो. (तेजल स्वतःहून आली. एरवी तिला उठवायला ताट वाजवावं लागतं.) तो आला, कट्ट्यावर बसला, खिशातून पांढरा कोरा कागद काढून तळहातावर धरला आणि त्याचा रंग कसा बदलतो ते बघत बसला. आधी निळसर, मग राखाडी, मग जरा गुलाबी. दुसरं कोणी आलं नाही. पहिलं कोवळं ऊन पडताच, न वळता म्हणाला, "काका, तुमची सावली पाण्यापर्यंत आलीय. चहा घ्या."

चहाला मग तो आमच्याच घरी आला. आल्या आल्या ट्यूबलाइट बंद केली. (दुसऱ्याच्या घरात! नोंद घ्या.) खिडकीची काच पुसली, खुर्ची हातभर सरकवली आणि आमच्या रत्नप्रभाला म्हणाला, "काकू, तुम्ही इथे बसत जा." लग्नानंतर इतक्या वर्षांनी मला तेव्हा कळलं की हिच्या डोळ्यांत थोडा घारा रंग आहे. तेव्हापासून ही भाजी तिथेच निवडते आणि मी काही काम नसताना समोरून जातो. परक्या माणसाने येऊन आपल्या बायकोचे डोळे दाखवावेत, हे मला पटलेलं नाही, पण तक्रार कुठे करायची तेही कळत नाही.

एकंदर, दादा, बारा-बारा तास काम, घरी यायची वेळ नक्की नाही, जेवताना वाढणाऱ्याच्या तोंडावरचा उजेड बघतो आणि भाजीकडे दुर्लक्ष करतो. दोष जमले तेवढे लिहिले. यापेक्षा जास्त सापडले नाहीत, मी खूप शोधले. निर्णय तुमचा.

वहिनींना नमस्कार, चेतनाला आशीर्वाद.

तुमचा,
श्यामू

ता. क. : पत्र वाचून तेजल म्हणाली, "बाबा, तुम्ही दोष लिहिणार होतात ना? हे वाचून धाकूकाका उद्याच सुपारी फोडतील!" म्हणून स्पष्ट लिहितो. तुमच्या चेतनाने तेजलला फोनवर सांगितलंय की तिला कुडाळची शाळा सोडून मुंबईत यायचं नाही. तुमच्यापुढे बोलायला घाबरते. तिला एकदा जवळ बसवून विचारा, आणि विचारताना आवाज चढवू नका.

ता. क. २ : तेजलला मुंबईत राहायला काहीच अडचण नाही. बोरिवलीतसुद्धा. देवेशला विचारलं तर म्हणाला, "काका, आधी तिकडचं रीतसर मोकळं होऊ दे, मग मी बोलेन. दोन घरांत गैरसमज नको." (हाही दोष. माणूस फार सरळ आहे.) तेव्हा दादा, धाकटा भाऊ म्हणून हात जोडतो, हे स्थळ तुम्ही नाकारा.

ता. क. ३ : नकार लेखी नको, शकुताईंना फोनवरच कळवा, आणि हे पत्र हातात पडल्याबरोबर. बुधवारी त्या आमच्याकडे चहाला येणार आहेत. तोपर्यंत त्यांचा मुलगा तुमचा जावई असता कामा नये.