जागा माझ्या लक्षात आहे

४ जून, दुपारी
कोर्टाने माझी याचिका दाखल करून घेतली. वकीलबाईंनी स्वतः फोन करून कन्फर्म केलं. आता साहेबांना नोटीस जाणार. चहा दोनदा घेतला.

आरोप काय, तर म्हणे मी रेकॉर्ड रूममध्ये रजिस्टर ठेवत नाही आणि मागितलेल्या फायली सापडत नाहीत. साहेबांनी दिलेली शिक्षा: हेड क्लार्कचा साधा क्लार्क. तीही रिटायरमेंटला आठ महिने उरले असताना! हातवाली खुर्ची काढून नेली, बिनहाताची दिली. रजिस्टर विसरभोळ्यांना लागतं. माझ्या डोक्यात चार हजार फायली आहेत.

संकल्प: हातवाल्या खुर्चीतूनच रिटायर होणार. आणि साहेबांना कोर्टात घाम फोडणार.

९ जून
वकीलबाईंना विचारलं, साहेब नालायक आहेत हे कोर्ट कोणत्या तारखेला ठरवेल? म्हणाल्या, "काका, कोर्ट ते ठरवत नाही. फायली हरवल्या की नाही हेही पुन्हा बघत बसणार नाही. चौकशी नियमाने झाली का, एवढंच बघेल."
मुलगी हुशार आहे, पण सूड कशाशी खातात ते तिला माहीत नाही.

१६ जून
कोर्टाने चौकशीची मूळ फाइल मागवली आहे. बातमी शिपायाची, म्हणजे पक्की.
आणि ती फाइल आहे कुठे? चौकशी संपली म्हणून कोणीतरी न बघता रेकॉर्डला पाठवून दिली. म्हणजे माझ्याकडे!
अशी दडवली आहे की साहेबांच्या सात पिढ्यांना मिळणार नाही. उघडूनही पाहिली नाही. कोर्टात जा म्हणावं आता हात हलवत. जागा इथे लिहीत नाही, पुरावा मागे ठेवायचा नसतो. माझ्या लक्षात आहे.

१७ जून
साहेब स्वतः खाली आले. "मिळाली का हो?" मी गोड आवाजात "शोध चालू आहे" म्हणालो. धुळीने शिंकले. सहा वेळा. मोजल्या.
त्यांच्या पेन्शनची फाइलही एक दिवस याच खोलीत येणार आहे.

२४ जून
वकीलबाई भलत्याच खुशीत. शिपायाने त्यांना आतली बातमी दिली. माझा खुलासा पोहोचायच्या तीन दिवस आधीच साहेबांनी शिक्षा लिहून टाकली होती! तो कागद चौकशीच्या फायलीत आहे. "काका, तेवढा एक कागद कोर्टापुढे आला की शिक्षा रद्द."
ठीक. उद्या काढतो. दोन मिनिटांचं काम.

२५ जून, ११.१०
दुसऱ्या रॅकवर नाही.

१.००
खिडकीपाशीही नाही. सगळी दप्तरं लाल फडक्यात. एकाच रंगाचं फडकं मंजूर कोणी केलं? त्याच्यावरही केस करणार.

४.३०
ही डायरी चाळली. १६ जून: "माझ्या लक्षात आहे."

२८ जून
बायको म्हणाली, "अहो, गॅसचं कार्ड गेल्या वर्षी तुम्ही जपून ठेवलंत, ते अजून शोधतेय मी." विषय काय, ही बोलते काय.
शिपाई म्हणाला, "काका, रजिस्टर असतं तर..." आणि पळाला. त्याचं नाव सूडाच्या यादीत घेतलं.
वकीलबाईंना सहज विचारलं, फाइल गहाळ झाली तर ठपका ऑफिसवरच ना? "शंभर टक्के! ताब्यात कोणाच्या होती?" मी रेंज नसल्याचं सांगितलं.

२ जुलै
कोर्टाचा आदेश: फाइल ज्याच्या ताब्यात होती, त्यानेच प्रतिज्ञापत्र द्यावं.
साहेबांनी टाइप करून तयारच ठेवलं होतं. "माझ्या ताब्यातील फाइल कसून शोधूनही सापडली नाही. रजिस्टर ठेवलेले नाही." खाली माझं नाव.
सही करायला स्वतःची खुर्ची पुढे सरकवली. हातवाली. "बसा ना, निवांत करा."
बसलो. केली.

उद्या साडेदहाला सुनावणी. वकीलबाई म्हणाल्या, न्यायाधीश आधी हाच कागद वाचतील. साहेब येणार नाहीत. गरज नाही म्हणाले.