खोल निजलेल्या आईचं गाणं

वळता वारा, दिवस पहिला

विहिरीसाठी गायची पाळी आमच्या घरावर आली! आणि घरात माझ्यावर. विहिरीच्या राखणदारानं काठावर आम्हा तिघींना एकेक हाक मारायला लावली, कान देऊन ऐकलं आणि माझ्याकडे बोट केलं. सासूबाईंना खोकला. वन्संनी हाक मारली तेव्हा तर सगळे हसलेच. वाळवंटातल्या बाजारात मीठ विकून विकून त्यांचा आवाज चिरकलाय. गल्ली त्यांना भोंगा म्हणते.

वारा पुरता वळला की मी गायचं. गाणं संपतं तसं पाणी वर येतं, आणि गाणारीचा आवाज जातो. कायमचा. तोवर मौन. एक शब्दही काढायचा नाही, म्हणजे आवाज विहिरीसाठी भरलेला राहतो. म्हणून ही वही. बोलल्याशिवाय मला राहवत नाही, काय करू!

दिवस दुसरा

वन्सं आता दोघींच्या वाटचं बोलतात. "वहिनी, तुझ्याशी भांडायला मजाच नाही गं. मीच बोलते, मीच उलट उत्तर देते, आणि तरी मीच हरते!" हसू फुटलं. हसण्याचाही आवाज होतो, म्हणून पदर तोंडात कोंबला.

हे मात्र गप्प. अंगणात दोर वळत बसतात. सकाळी एवढंच म्हणाले, "मी काय बोलू?" अहो, काहीही बोला! मला तुमचं तरी ऐकू दे.

दिवस चौथा

मागच्या खेपेला गायलेली कुंभारीण येऊन गेली. हाताच्या खुणा शिकवल्या. पाणी, भूक, ये, जा, पुरे. मी वहीत लिहून दाखवलं – सगळ्यात जड काय जातं? तिनं बाहेर खेळणाऱ्या तिच्या मुलाकडे पाहिलं, तोंडाशी हात धरून हाक मारल्यासारखं केलं आणि हात खाली सोडला. मग दोघी उगीचच माठ बघत बसलो.

विहिरीचा तळ दिसायला लागलाय. लोक रस्त्यात भेटले की मला वाट देतात. मला नको ही वाट.

दिवस पाचवा

गाणं मनातल्या मनात घोळवलं. 'ऊठ गं खोल निजलेल्या आई, ओठ सुकले लेकरांचे.' शब्द इथल्या प्रत्येक मुलीला येतात, पण कुणी गुणगुणतसुद्धा नाही. वन्सं लहानपणी एकदा गुणगुणल्या होत्या म्हणे. सासूबाईंनी पाठीत धपाटा घातला!

दिवस सहावा

माझी तान्ही लेक तापलीये. दूध घेत नाही. सासूबाई थोपटतात, वन्सं नकला करतात, हे खांद्यावर घेऊन येरझाऱ्या घालतात. ती माझ्या तोंडाकडे बघते. आई गप्प का, एवढंच तिला कळत नाहीये.

दिवस सातवा

गायले.

भर दुपारी. रडून रडून तान्हीचा आवाज बसला, डोळे आत गेले. वन्सं म्हणाल्या, "गा." मी मान हलवली. "गा म्हणते ना! दार मी लावते." आणि अंगाई माझ्या तोंडून आपसूक आली. तान्हीनं सुस्कारा टाकला, दूध घेतलं आणि झोपली. मी रडले. वन्सं दाराला पाठ लावून उभ्या. आयुष्यात पहिल्यांदा त्यांना काही सुचत नव्हतं.

खिडकीखालून पाण्याची गाडी गेली. गाडीवाल्यानं ऐकलं नसेल ना?

दिवस आठवा

राखणदार दारात! "मौन मोडलं. मोडलेला आवाज विहीर घेत नाही." कुणी सांगितलं ते बोलला नाही. त्या मेल्या गाडीवाल्याचंच काम हे! जीभ झडो त्याची.

पाळी घरावरची, ती टळत नाही. सासूबाई पुढे झाल्या आणि खोकल्याची उबळ आली. तेवढ्यात वन्सं म्हणाल्या, "मी आहे की."

राखणदार म्हणाला, "तुझं तर तोंड जन्मात मिटलं नाही."

"म्हणजे मी मौन धरलंच नाही. जे धरलंच नाही ते मोडलं कसं?"

त्यानं मान डोलावली आणि त्यांच्याकडे बोट केलं. मी वन्संचा हात ओढला, नको नको म्हटलं. हे भिंतीला टेकून खाली बसले.

आणि मला सुटल्यासारखं वाटलं. वाटलंच! वहीशी काय लपवायचं? मला माझीच किळस आली.

दिवस नववा

वारा वळला. वन्सं पायऱ्या उतरल्या. आवाज तोच – फाटका, उघडा, बाजारातला. कुणी हसलं नाही. इतका वापरलेला आवाज विहिरीनं कधी ऐकला नसेल. शेवटची ओळ संपली. बराच वेळ काहीच झालं नाही. मग खालून गार हवा आली आणि पाणी चढायला लागलं. वन्संचे पाय भिजले, घोटे भिजले, तरी त्या हलेनात. यांनी हात धरून वर आणलं.

वर आल्यावर त्यांनी माझ्याकडे बघून तोंड उघडलं. सवयीनं. मग मिटलं.

दिवस दहावा

घर खायला उठतं. पाणी आहे, तान्हीचा ताप उतरला, आणि मला कुणाशी नजर मिळवता येत नाही. तो गाडीवाला भेटू दे एकदा!

दिवस अकरावा

वहिनी, वही तू उशीखाली ठेवतेस हे अख्ख्या घराला माहीत आहे. अक्षर माझं ओळखशीलच.

गाडीवाल्याला शिव्या देणं बंद कर. राखणदाराला मीच सांगितलं. तू गात होतीस आणि मी दार धरून उभी होते, तेव्हाच ठरवलं.

उद्या बाजार आहे. मिठाची टोपली मी घेते, हाका तू मार. मोठ्यानं मार हं. लाजत मारलीस तर मीठ तसंच घरी परत येतं.