एका नावाच्या तिघी

सान हेरोनिमो,
९ फेब्रुवारी १९७४

चि. आन्सेल्मो,
आईचे आशीर्वाद.

त्या सकाळी मी चुन्याच्या पाण्यात शिजवलेला मका धूत होते. सात-आठ वर्षांची असेन. आई पाट्यावर मका वाटत होती. वाटता वाटता तिने हाक मारली, रेनाता. मी ओल्या हातांनी धावत गेले. तिने माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाली, की तू नव्हे गं, जा, तुझं काम कर.

तुझं पत्र आल्यापासून ही सकाळ डोळ्यांपुढून हलत नाही.

तू लिहितोस, की नवी मुलगी थेट आपल्या गेलेल्या थोरलीसारखी, रेनातासारखी दिसते, तेच नाव ठेवतो. वर म्हणतोस, की थोरलीचा जन्मदाखला तुझ्या पेटीत आहेच, तोच पाठव, पुन्हा रांगेत उभं राहायला नको. बाळा, मी तुला कधी सांगितलं नाही, पण मीही अशीच दुसरी आहे. माझ्या आधीची रेनाता दीड वर्षाची होऊन तापाने गेली. मी झाले तेव्हा वडिलांनी तिचाच कागद मला लावला. आपल्या गावात सगळेच तसं करायचे. कागदावर ती मेलीच नाही, म्हणून तिच्या क्रुसावर नाव घालायला ते घाबरले. मी मात्र कागदावर खऱ्या वयाहून तीन वर्षांनी मोठी. त्यावरून तुझे बाबा मला शेवटपर्यंत थेरडी म्हणून चिडवायचे, आणि मीही हसायचे. पण आई मरेपर्यंत हाक मला मारायची आणि वाट तिची बघायची.

दाखला पाठवत नाही. रागावू नकोस. ओफेलियाला बाळंतपणात थंड पाण्यात हात घालू देऊ नकोस.

तुझी आई


ग्वादालाहारा,
१४ फेब्रुवारी १९७४

ती. सासूबाईंना,
ओफेलियाचा नमस्कार. तुमच्या पायाचं दुखणं कमी असेल अशी आशा करते.

तुमचं पत्र वाचून हे जेवले नाहीत. म्हणाले, की आई पुस्तकं वाचून वाचून बिघडली आहे. तुम्ही मनावर घेऊ नका. त्यानंतर बराच वेळ पाळण्यापाशी बसून होते. पाद्रीबाबांनी यांना सांगितलंय, की रेनाता म्हणजे पुन्हा जन्मलेली. तेव्हापासून यांचं एकच चाललंय, की देवानेच परत पाठवली, आता दुसरं नाव ठेवलं तर ती रुसून निघून जाईल.

हे पत्र त्यांच्या माघारी लिहिते आहे. आई, तीन आठवडे झाले, मी पोरीला त्या नावाने एकदाही हाक मारलेली नाही. छोटी म्हणते. ते नाव तोंडात आलं की माझे हात दुसरीलाच शोधायला लागतात. बाप्तिस्मा चोवीस तारखेच्या रविवारी आहे. थोरलीसाठी तुम्ही निळ्या धाग्याने नाव भरलेलं झबलं माझ्याच्याने हिला घालवत नाही. बसवाल्या दोन एउसेबिओंच्या, त्या बापलेकांच्या, हाती ते परत पाठवते. तुम्ही वाचता, तुम्हाला कळतं. खरंच रुसेल का ती?

तुमची,
ओफेलिया


सान हेरोनिमो,
२० फेब्रुवारी १९७४

चि. आन्सेल्मो आणि चि. सौ. ओफेलिया,
दोघांनाही आशीर्वाद. हे पत्र दोघांनी एकत्र बसून वाचा. आन्सेल्मो, बायकोने मला लिहिलं म्हणून तिला बोललास तर गाठ माझ्याशी आहे.

सोमवारी झबलं मिळालं. शाळेच्या बाईंकडचा जाडजूड लॅटिन कोश मागून आणला. मी तिशीत अक्षरं शिकले, म्हणून बोट ठेवून वाचते, पण वाचते. पाद्रीबाबा खोटं बोलले नाहीत. पहिल्या ख्रिस्ती लोकांत मोठी माणसं बाप्तिस्म्याच्या पाण्यातून वर आली की त्यांना हे नाव मिळायचं. पुढे राजकन्यांनीही ते लावलं. पण लेकरांनो, जी बाई पाण्यात उतरायची तीच वर यायची. एकीच्या जागी दुसरी नाही, आणि मातीतून तर कुणीच नाही. मी त्रेसष्ट वर्षं हे नाव वागवलं. माझी बहीण काही माझ्यातून परत आली नाही. आली असती तर मीच तिला आईच्या हवाली केलं असतं.

थोरली रुसणार नाही, ओफेलिया. तिचं नाव आपण काढून घेतलं तर मात्र रुसेल.

झबल्यावरचं नाव मी उसवलं आहे. भोकं दिसतात, ती धुऊनही जायची नाहीत. पोर सव्वीस जानेवारीची, त्या दिवशी संतांच्या दिनदर्शिकेत संत पाउला आहे. तिच्या नावाचा अर्थ कोशात पाहिला, तर लहानशी. म्हणजे तू तिला योग्यच हाक मारत होतीस. आन्सेल्मो, पाउला नावाने नवा कागद कर. रांगेत उभा राहा, पाय झिजत नाहीत.

शनिवारच्या बसने येते. पानात बांधून वाफवलेले मक्याचे तमालेस आणीन. माया असू द्या.

तुमची,
रेनाता

ता. क. झबलं उसवलं त्याच्या दुसऱ्या दिवशी, मंगळवारी, मी पेटीतला दाखला गावच्या कचेरीत दिला आणि नातीच्या मृत्यूची नोंद करून घेतली. तिथून काळा रंग घेऊन स्मशानात गेले. बहिणीच्या क्रुसावर रेनाता लिहिलं, आणि शेजारच्या, नातीच्या लहान कोऱ्या क्रुसावरही रेनाता लिहिलं.